छातीच्या रिपोर्टमधील ‘हायलम’ : अर्थ आणि वापर

दुधनाकाठ (सेलू)

सर्वांना नमस्कार. माझ्या चुलत्यांच्या छातीचा फोटो गेल्या आठवड्यात काढला. हृदयाचा आकार योग्य आहे आणि दोन्ही सीपी अँगल (फुफ्फुसांच्या तळाचे बाहेरचे कोपरे) मोकळे आहेत, असे रिपोर्टमध्ये लिहिले आहे. मात्र शेवटच्या ओळीत “उजवा हायलम प्रॉमिनंट दिसतो, रुग्णाच्या लक्षणांशी पडताळून पाहावे” असा शेरा आहे. चुलते ५८ वर्षांचे आहेत, बरीच वर्षे विडी ओढत असत आणि महिनाभरापासून त्यांना खोकला आहे. रिपोर्ट हाती पडल्यापासून घरात त्या एका ओळीचे तीन अर्थ फिरत आहेत. एका नातेवाइकांच्या मते ही गाठ आहे, दुसऱ्यांच्या मते जुना क्षय आहे, आणि तिसऱ्यांनी ‘हायलम वाढला म्हणजे फुफ्फुस सुजले’ असे ठामपणे सांगितले आहे.

मला येथे औषधोपचाराचा सल्ला नको आहे; त्यासाठी आम्ही दवाखान्यात जाणारच आहोत. हायलम हा अवयव आहे, आजार आहे की फुफ्फुसातली एखादी जागा आहे, आणि तो ‘प्रॉमिनंट’ असणे म्हणजे नेमके काय, एवढे जाणकारांनी समजावून सांगितले तर डॉक्टरांसमोर बसल्यावर आम्हाला नीट विचारता येईल.

आंबानगरी (अंबाजोगाई)

ताई, हायलम हे जागेचे नाव आहे. तो आजार नाही आणि स्वतंत्र अवयवही नाही. मी वैद्यकीय महाविद्यालयात शरीररचनाशास्त्र शिकवतो, त्यामुळे उत्तर थोडे विस्ताराने देतो. कारण ही जागा डोळ्यांसमोर उभी राहिली की रिपोर्टमधल्या त्या ओळीची भीती बरीच कमी होते.

प्रत्येक फुफ्फुसाला एक बाहेरची बाजू असते, जी बरगड्यांना लागून असते, आणि एक आतली बाजू असते, जी हृदयाकडे वळलेली असते. या आतल्या बाजूच्या साधारण मध्यावर एक खोलगट भाग आहे. श्वासनलिकेची मुख्य शाखा, हृदयाकडून अशुद्ध रक्त आणणारी फुफ्फुस धमनी, शुद्ध झालेले रक्त हृदयाकडे परत नेणाऱ्या दोन फुफ्फुस शिरा, खुद्द फुफ्फुसाच्या पोषणासाठी रक्त पुरवणाऱ्या बारीक ब्राँकियल धमन्या, मज्जातंतू आणि लसीकावाहिन्या (ऊतींतला लसीका नावाचा पातळ द्रव वाहून नेणाऱ्या बारीक नळ्या) या सर्वांची ये-जा येथूनच होते. फुफ्फुसावरील या जागेला हायलम म्हणतात. तेथून जाणाऱ्या नळ्यांच्या आणि वाहिन्यांच्या जुडग्याला ‘फुफ्फुसाचे मूळ’ असे वेगळे नाव आहे. रोजच्या बोलण्यात डॉक्टरही या दोहोंसाठी ‘हायलम’ हा एकच शब्द वापरतात आणि त्यात काही बिघडत नाही. परीक्षेत मात्र आम्ही हा फरक आवर्जून विचारतो.

लॅटिनमध्ये या शब्दाचा अर्थ क्षुल्लक, अगदी लहानशी गोष्ट असा आहे. वनस्पतिशास्त्रात तो बीच्या वणासाठी वापरतात. वालाचा दाणा हातात घेतला तर त्याच्या कडेला एक पांढरी रेघ दिसते. शेंगेतून दाण्याला पोषण मिळत होते ती जागा ती. फुफ्फुसाच्या हायलमचे कामही याच जातीचे आहे.

एक बाब बहुतेकांच्या लक्षात येत नाही, ती अशी की हायलम एकट्या फुफ्फुसाला नसतो. मूत्रपिंडाला हायलम आहे, प्लीहेला आहे, लसीकावाहिन्यांच्या वाटेवर असलेल्या छोट्या लसीका ग्रंथींनाही आहे. त्यामुळे रिपोर्ट वाचताना तो कोणत्या अवयवाचा आहे हे आधी पाहावे. छातीच्या फोटोच्या रिपोर्टमध्ये ‘हायलम’, ‘हायलाय’ हे त्याचे अनेकवचन किंवा ‘हायलर’ हे विशेषण आले, तर तो उल्लेख फुफ्फुसाचाच समजावा. ‘पेरिहायलर’ म्हणजे हायलमच्या आसपासचा भाग.

आता उजव्या-डाव्याबद्दल. दोन्ही हायलम एका पातळीवर नसतात. डावी फुफ्फुस धमनी डाव्या मुख्य श्वासनलिकेवरून कमान करून मागे जाते, तर उजवी धमनी श्वासनलिकेच्या पुढून आडवी जाते. त्यामुळे फोटोत डावा हायलम उजव्यापेक्षा साधारण १ ते २ सेंटिमीटर वर दिसतो. काही थोड्या निरोगी माणसांत दोन्ही एका पातळीवर असतात. पण उजवा हायलम डाव्यापेक्षा वर दिसू लागला, तर डॉक्टर कारण शोधतात: एक तर उजव्या वरच्या भागाने आकसून त्याला वर ओढलेले असते, किंवा डाव्या खालच्या भागाने डाव्या हायलमला खाली ओढलेले असते. क्षयातून बरे झालेल्या माणसाच्या फुफ्फुसाचा वरचा भाग वणामुळे आकसतो आणि त्या बाजूचा हायलम वर सरकतो, हे आपल्याकडील फोटोंत वारंवार पाहायला मिळते. म्हणजे नुसत्या हायलमच्या पातळीवरूनही फुफ्फुसाचा जुना इतिहास वाचता येतो, आणि विद्यार्थ्यांनी फोटो पाहताना आधी ही पातळी पाहावी असा माझा आग्रह असतो.

मांजरा (लातूर)

आंबानगरी सरांनी जागा नेमकी दाखवली आहे. मी छातीच्या विकारांचा डॉक्टर आहे, म्हणून ‘प्रॉमिनंट’ या शब्दाबद्दल लिहितो. माझ्या मते सगळा गोंधळ हायलमपेक्षा या विशेषणामुळे होतो.

फोटोत हायलमची जी पांढरट सावली दिसते, ती मुख्यतः रक्तवाहिन्यांची असते. श्वासनलिकेत हवा असल्यामुळे ती काळी दिसते, आणि निरोगी माणसाच्या लसीका ग्रंथी इतक्या लहान असतात की साध्या फोटोत त्या वेगळ्या ओळखू येत नाहीत. ‘हायलम प्रॉमिनंट’ याचा अर्थ ती सावली नेहमीपेक्षा ठळक किंवा मोठी दिसते, एवढाच. ती कशामुळे ठळक दिसते हे त्या दोन शब्दांत सांगितलेले नसते. म्हणूनच रेडिऑलॉजिस्ट पुढे ‘लक्षणांशी पडताळून पाहावे’ असे लिहितात, आणि शेऱ्याचा हा उरलेला भागही तितक्याच गांभीर्याने वाचायला हवा.

कारणे अनेक असू शकतात. रक्तवाहिनीच रुंद झालेली असेल, तर फुफ्फुसातील रक्तदाब वाढलेला असण्याची शक्यता असते. आपल्या भागात तुराट्या-पऱ्हाट्यांच्या जळणावर वर्षानुवर्षे चूल पेटवलेल्या आया-मावश्यांमध्ये आणि विडी ओढणाऱ्या पुरुषांमध्ये दम्यासारखा दिसणारा सीओपीडी हा श्वासनलिका कायमच्या अरुंद करणारा आजार असतो. तो बळावला की फुफ्फुसाच्या धमन्यांवर ताण येतो आणि दोन्ही हायलम भरलेले दिसतात. लहानपणी सांधेताप होऊन हृदयाची झडप अरुंद झालेली असेल, तरीही असेच दिसू शकते. अशा वेळी टू-डी इको (हृदयाची सोनोग्राफी) केल्याने पुष्कळ उलगडा होतो.

रक्तवाहिनीऐवजी लसीका ग्रंथी वाढलेल्या असतील, तर विचाराची दिशा बदलते. एकाच बाजूच्या ग्रंथी वाढल्या असतील, तर क्षयरोग, लिम्फोमा (लसीका ग्रंथींचा कर्करोग) आणि फुफ्फुसाचा कर्करोग ही नावे समोर येतात. दोन्ही बाजूंच्या ग्रंथी सारख्या वाढल्या असतील आणि माणूस एरवी ठणठणीत असेल, तर सार्कॉइडोसिस या आजाराचाही विचार करावा लागतो. तो संसर्गजन्य नाही, पण क्षय समजून त्याच्यावर उपचार सुरू होतात, अशी उदाहरणे मी पाहिली आहेत.

दुधनाकाठ ताई, आपल्या काकांचे वय, विडीची सवय आणि महिनाभराचा खोकला या तीन गोष्टी एकत्र घेतल्या, तर हा शेरा घाबरून जाण्याचा नसला तरी बाजूला ठेवण्याचाही नाही. दोन आठवड्यांपेक्षा जास्त दिवस खोकला असेल तर बेडका तपासायचाच असतो, आणि ही तपासणी सरकारी दवाखान्यात मोफत होते. सीबीनॅट किंवा ट्रूनॅट या तपासणीत जंतू आहेत की नाहीत हे तर कळतेच, रिफॅम्पिसिन या मुख्य औषधाला ते दाद देतील की नाही हेही कळते. फक्त फोटोतल्या ‘प्रॉमिनंट’ या शब्दावर क्षयाच्या गोळ्या सुरू करू नयेत, असे माझे स्पष्ट मत आहे. त्याचप्रमाणे बेडक्यात जंतू सापडले नाहीत म्हणून विषय संपला, असेही मानू नये. काकांचा आवाज अलीकडे बसला आहे का, वजन उतरले आहे का, बेडक्यातून रक्त पडले आहे का, हे डॉक्टरांना आपण होऊन सांगावे. आवाजाचे विशेष यासाठी लिहितो की स्वरयंत्राकडे जाणारा डावा मज्जातंतू छातीत उतरून महाधमनीच्या कमानीखालून वळसा घेतो आणि पुन्हा वर गळ्याकडे जातो. डाव्या हायलमच्या वरच्या अंगाला, त्या कमानीखाली गाठ झाली तर हा मज्जातंतू दाबला जातो, आणि खोकल्याच्या औषधांनी बरा न होणारा घोगरेपणा हेच काही वेळा पहिले लक्षण ठरते. काकांचा शेरा उजव्या बाजूचा आहे. पण हा धागा इतरही वाचतील, म्हणून हे सांगून ठेवले.

जालनेकर (जालना)

मी एक्स-रे तंत्रज्ञ आहे. हायलम ठळक दिसण्यामागे फोटो काढण्याची पद्धतही असू शकते, याचा उल्लेख वर आलेला नाही, म्हणून लिहितो.

छातीचा चांगला फोटो रुग्णाला उभे करून, छाती प्लेटला टेकवून, नळी पाठीमागे सुमारे ६ फुटांवर ठेवून काढतात. हनुवटी वर, हात कमरेवर आणि खांदे पुढे ढकललेले असावे लागतात, म्हणजे खवाट्याची हाडे फुफ्फुसावरून बाजूला होतात. त्यानंतर ‘श्वास घ्या, पूर्ण भरा, धरून ठेवा’ असे सांगून बटण दाबायचे असते. खेड्यातून आलेली वयस्कर माणसे मशीनसमोर बावरतात. ती श्वास घेतात आणि मी ‘धरा’ म्हणेपर्यंत सोडून देतात. श्वास सुटलेल्या अवस्थेत फोटो निघाला तर छाती आणि पोट यांमधला पडदा वर चढतो, रक्तवाहिन्या दाटीने एकत्र येतात, हृदय रुंद दिसते आणि दोन्ही हायलम भरलेले वाटतात. म्हणून मी प्रत्येकाकडून आधी एकदा श्वास भरून धरण्याचा सराव करून घेतो. तेवढ्याने मागे उभ्या असलेल्या रांगेला थोडा उशीर होतो, पण पुन्हा फोटो काढण्याचा खर्च आणि घरच्यांची काळजी दोन्ही वाचतात.

रुग्ण थोडा जरी तिरका उभा राहिला तरी एका बाजूचा हायलम मोठा आणि दुसऱ्या बाजूचा लपलेला दिसतो. हे ताडून पाहण्याची खूण सोपी आहे: दोन्ही गळपट्टीच्या हाडांची आतली टोके मणक्याच्या मधल्या रेषेपासून सारख्या अंतरावर असावीत. श्वास पुरेसा भरला होता की नाही, हे पाहण्यासाठी पडद्याच्या वर पाठीमागच्या ९ ते १० बरगड्या मोजता याव्यात. खाटेवर झोपवून किंवा बसवून समोरून काढलेल्या फोटोत हे दोष जास्त येतात, त्यामुळे तसा फोटो असेल तर त्यावर तशी नोंद असते. गळ्यातले डोरले, काळा दोरा, ताईत यांची सावली लगेच ओळखू येते; परंतु छातीवर आलेली ओली, जाड वेणी फुफ्फुसाच्या वरच्या भागात डाग असल्यासारखी दिसते, म्हणून बायाबापड्यांना आम्ही केस वर बांधायला सांगतो.

ताई, काकांची फिल्म आपल्याकडे असेल तर तीच घेऊन जा. मोबाइलवर काढलेल्या तिच्या फोटोत हायलमच्या सावलीतले बारकावे दिसत नाहीत. पाच-दहा वर्षांपूर्वीचा एखादा जुना फोटो घरात सापडला, तर तोही सोबत न्यावा.

मांजरा (लातूर)

जालनेकरांच्या शेवटच्या वाक्याला मी जोरदार दुजोरा देतो. आठ वर्षांपूर्वीच्या फोटोतही हायलम तेवढाच ठळक असेल, तर माझी अर्धी शंका तिथेच मिटते. तो नव्याने मोठा झालेला असेल, तर मी सीटी स्कॅन सांगतो, आणि तोही शिरेतून रंग देऊन. रंग दिला की रक्तवाहिन्या उजळतात आणि ग्रंथी वेगळ्या ओळखू येतात. न दिल्यास हायलममध्ये धमनी कुठे संपते आणि ग्रंथी कुठे सुरू होते, हे ठरवणे अवघड जाते. रंग देण्यापूर्वी किडनीसाठी क्रिएटिनिनची तपासणी करून घ्यावी लागते.

तेरणामाय (धाराशिव)

धाग्याला धरूनच एक प्रश्न आहे. मी अंगणवाडी सेविका आहे. आमच्याकडे लहान लेकरांच्या बाबतीत ‘प्रायमरी झाली’ असे सर्रास म्हणतात. एका लेकराच्या रिपोर्टमध्ये ‘उजव्या हायलर ग्रंथी वाढलेल्या’ असे लिहिले होते आणि डॉक्टरांनी ‘प्रायमरी कॉम्प्लेक्स’ असे सांगितले. हायलमचा आणि या प्रायमरीचा संबंध काय आहे?

आंबानगरी (अंबाजोगाई)

संबंध अगदी थेट आहे. क्षयाचे जंतू श्वासाबरोबर पहिल्यांदा फुफ्फुसात जातात तेव्हा तेथे एक छोटी जखम होते. तेथून ते लसीकावाहिन्यांतून वाहत हायलमपाशी असलेल्या ग्रंथींपर्यंत पोहोचतात, कारण फुफ्फुसातील लसीकेचा बहुतांश निचरा त्याच दिशेने होतो. फुफ्फुसातली ती जखम आणि हायलमची सुजलेली ग्रंथी या जोडीला प्रायमरी कॉम्प्लेक्स म्हणतात. आंटोन गोन या विकृतिशास्त्रज्ञाने १९१२ मध्ये मुलांच्या क्षयातील या पहिल्या जखमेचे सविस्तर वर्णन केले, म्हणून तिला त्याचे नाव आहे. लहान मुलांत जखम बहुधा इतकी छोटी असते की फोटोत दिसत नाही, आणि वाढलेली ग्रंथी तेवढी दिसते. मोठ्या माणसांच्या क्षयात बऱ्याचदा फुफ्फुसाचा वरचा भाग धरलेला असतो, तर मुलांच्या क्षयात हायलम बोलतो, असे मी वर्गात सांगतो.

बहुसंख्य लोकांमध्ये शरीर हा पहिला संसर्ग आवरते. कालांतराने त्या जागी कॅल्शियम साचते आणि पुढे कधी तरी फोटोत ‘हायलर कॅल्सिफिकेशन’ असा उल्लेख येतो. तो बऱ्या झालेल्या जुन्या संसर्गाचा वण असतो. बाकी काही लक्षणे नसतील तर नुसत्या त्या वणासाठी गोळ्या घ्याव्या लागत नाहीत.

मांजरा (लातूर)

तेरणामाय, आपल्यासाठी एक पुरवणी. ज्या घरात बेडक्यात जंतू असलेला रुग्ण आहे, त्या घरातील पाच वर्षांखालील प्रत्येक लेकराची तपासणी व्हायलाच हवी, मग त्याला खोकला असो वा नसो. लेकराला आजार नाही असे ठरले, तरी प्रतिबंधक औषध देण्याची सोय राष्ट्रीय क्षयरोग निर्मूलन कार्यक्रमात आहे. आणि ‘प्रायमरी’ हा शब्द ऐकून पालक त्याला किरकोळ समजतात, तसे समजू नये. डॉक्टरांनी सक्रिय क्षयाचे निदान केले असेल, तर तो क्षयरोगच आहे आणि त्याचा कोर्स पूर्ण करावा लागतो.

गोदातीर (नांदेड)

माझ्या बहिणीच्या मानेच्या सोनोग्राफीत “ग्रंथींचा फॅटी हायलम शाबूत आहे” असे लिहून आले. आम्ही हायलम म्हणजे फुफ्फुस असे धरून चाललो आणि मानेचा आजार छातीत उतरला, अशा समजुतीने दोन रात्री झोपलो नाही. आंबानगरी सरांचा पहिला प्रतिसाद वाचल्यावर थोडे हायसे वाटले. तरी याचा नेमका अर्थ कोणी सांगावा.

आंबानगरी (अंबाजोगाई)

हा हायलम ग्रंथीचा स्वतःचा आहे, फुफ्फुसाशी त्याचा काही संबंध नाही. लसीका ग्रंथी घेवड्याच्या बीच्या आकाराची असते आणि तिच्याही कडेला रक्तवाहिन्यांच्या ये-जा करण्याची जागा असते. तेथे थोडी चरबी असते, जी सोनोग्राफीत उजळ दिसते. ती उजळ पट्टी जागेवर असणे आणि ग्रंथी लांबट असणे ही चांगली लक्षणे मानतात. साध्या संसर्गाने सुजलेली ग्रंथी बहुधा अशीच दिसते. ग्रंथी गोल झाली आणि ही पट्टी नाहीशी झाली, तर सुईने नमुना घेऊन तपासणी करण्याचा विचार होतो. आपल्या बहिणीच्या रिपोर्टमधील ते वाक्य दिलासा देणारे आहे. अंतिम निर्णय अर्थातच तपासणाऱ्या डॉक्टरांचा.

दुधनाकाठ (सेलू)

सर्वांची मनापासून आभारी आहे. आणखी एक शंका विचारते. काही रिपोर्टमध्ये ‘हायलर’ आणि ‘मेडियास्टायनल’ हे दोन शब्द जोडीने येतात. ते एकच आहेत का, की त्यांत भेद आहे?

मांजरा (लातूर)

भेद आहे, आणि काही रुग्णांच्या बाबतीत त्यावरच उपचार ठरतात. दोन फुफ्फुसांच्या मधल्या जागेला मेडियास्टायनम म्हणतात; हृदय, मोठ्या रक्तवाहिन्या, मुख्य श्वासनलिका आणि अन्ननलिका तेथे असतात. हायलम हे फुफ्फुस आणि मेडियास्टायनम यांच्या सीमेवर आहे. छातीतील लसीका ग्रंथींना कर्करोगाच्या तपासणीसाठी १ ते १४ असे क्रमांक दिलेले आहेत. १ ते ९ क्रमांकांचे गट मेडियास्टायनमच्या बाजूचे धरतात (पहिला गट गळ्याच्या तळाशी येतो), १० क्रमांकाचा गट हायलमचा, आणि ११ ते १४ हे त्याहून आत, फुफ्फुसाच्या अंगाचे. फुफ्फुसाच्या कर्करोगात त्याच बाजूच्या हायलमच्या ग्रंथींपर्यंतच आजार पोहोचला असेल, तर त्याला एन-१ म्हणतात आणि शस्त्रक्रियेचा मार्ग बहुधा खुला असतो. तो त्याच बाजूच्या मेडियास्टायनमच्या ग्रंथींत गेला असेल, तर एन-२ होते आणि शस्त्रक्रियेआधी किंवा तिच्याऐवजी इतर उपचारांचा विचार करावा लागतो. दोन गटांमधले अंतर काही ठिकाणी बोटाच्या रुंदीइतकेही नसते, तरी उपचाराच्या दृष्टीने हा फरक फार मोठा आहे.

म्हणूनच सीटीमध्ये ग्रंथी मोठी दिसली, साधारणपणे तिचा आखूड व्यास १ सेंटिमीटरपेक्षा जास्त भरला, तर नुसत्या चित्रावर न थांबता नमुना घेतात. त्यासाठी श्वासनलिकेत दुर्बीण उतरवून, तिच्या टोकावरील सोनोग्राफीने ग्रंथी पाहत सुई घालतात; या तपासणीला ईबस म्हणतात. मोठी ग्रंथी दरवेळी कर्करोगाचीच निघते असे नाही. आपल्या भागात त्या नमुन्यातून क्षयाचे निदान होऊन गोळ्यांनी बरे झालेले रुग्णही आहेत, आणि म्हणूनच नमुन्याचा एक भाग सीबीनॅटसाठी पाठवावा, असे मी नेहमी सांगतो.